त्या जगात घाई कोणाला आहे?

(अद्भुतकथा लिहू पाहणाऱ्यांसमोर दिलेल्या व्याख्यानाचे संपादित रूप)

मंडळी, तुमच्या कथा वाचल्या. बऱ्याच जणांनी नवं कालमापन रचलंय आणि ते पहिल्याच पानावर मांडून ठेवलंय. ‘एक झुरण म्हणजे आपली सतरा मिनिटं, वीस झुरणांचा एक वेहळ.’ झकास! पण पुढे अख्ख्या कथेत त्या झुरणाला कोणी हात लावत नाही. पात्रं ‘थोड्या वेळाने’ येतात आणि ‘संध्याकाळ व्हायच्या आत’ निघून जातात. मग झुरण हवं कशाला?

माझा आग्रह एवढाच, की एकक शोधण्याआधी त्या जगात घाई कोणाला आहे, ते शोधा.

आपली घटका घ्या. साठ पळांची एक घटका, साठ घटकांचा अहोरात्र. म्हणजे एक घटका 24 मिनिटांची. कोष्टक पंचांगात मिळेल, मला त्यापेक्षा ते तांब्याचं घटिकापात्र महत्त्वाचं वाटतं. अर्धगोल वाटी, बुडाला बारीक भोक. पाण्यावर सोडायची, हळूहळू भरते आणि बुडते. बुडाली की कोणीतरी ती काढायची, रिकामी करायची, पुन्हा सोडायची आणि टोला द्यायचा. हे ‘कोणीतरी’ लक्षात घ्या. त्या माणसाचा डोळा लागला तर मुहूर्त गेला. भोकात गाळ अडकला तर पात्र बुडतच नाही. भास्कराचार्य आणि लीलावतीची दंतकथा यावरच तर उभी आहे: पात्रात वाकून पाहताना मुलीच्या अंगावरचा मोती आत पडला, भोक बुजलं, लग्नघटका टळली. खरंखोटं सोडा. एककाच्या पोटातून कथा कशी निघते ते बघा. मांडवात वऱ्हाड खोळंबलंय, म्हणून घटका मोजली जाते.

याच्या उलट उदाहरण फ्रान्सचं. 1793 मध्ये क्रांतिकारकांनी दिवसाचे दहा तास केले, तासाची शंभर मिनिटं, मिनिटाचे शंभर सेकंद. हिशेब देखणा. त्यांचा तास आपल्या 144 मिनिटांचा, म्हणजे बरोबर सहा घटकांचा. योगायोगच, पण मला आवडतो. तशी घड्याळंही बनली. पण लोकांची अडचण कुठे होती? धान्य आणि कापड मोजताना, कारण गावोगावची मापं निराळी. तासावरून कोणाचं भांडण नव्हतं. 7 एप्रिल 1795 च्या ज्या कायद्याने मीटर आणि ग्रॅम आणले, त्याच कायद्याने दहा तासांचा दिवस गुंडाळून ठेवला.

गंमत पुढे आहे. 1998 मध्ये घड्याळं बनवणाऱ्या स्वॉच कंपनीने दिवसाचे हजार ‘बीट’ केले. एक बीट 86.4 सेकंदांचा, म्हणजे फ्रेंचांचंच मिनिट! जगभर एकच वेळ. बाहेरच्या जगाने काही त्याला जवळ केलं नाही, पण ‘फँटसी स्टार ऑनलाइन’ या गेममध्ये तो होता. जपान, अमेरिका, युरोपातल्या खेळाडूंना एका काल्पनिक ग्रहावर जमायचं, तर भेट कोणाच्या घड्याळाने ठरवायची? तिथे गरज होती.

‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ लिहिणाऱ्या टॉल्किनने त्याच्या एल्फ नावाच्या अमर लोकांना 144 वर्षांचं ‘येन’ दिलं. ते बारा-बारात मोजतात आणि म्हातारपणाने मरत नाहीत. त्यांना आपलं वर्ष घेऊन करायचंय काय? पण या बाबतीत आपली पुराणं कोणाला हार जाणार नाहीत. ककुद्मी राजा आपल्या मुलीसाठी, रेवतीसाठी वर विचारायला ब्रह्मलोकी गेला. तिथे गाणं चालू होतं, म्हणून थांबला. गाणं संपेतो पृथ्वीवर 27 चतुर्युगं उलटली: 11 कोटी 66 लाख 40 हजार वर्षं. मी हिशेब करून पाहिला. हजार चतुर्युगांचा ब्रह्मदेवाचा दिवस (रात्र वेगळी) धरला, तर राजा तिथे पाऊण घटकेहून थोडा जास्त थांबला. मैफल म्हणून तशी आटोपशीरच! आणि विष्णुपुराणातला तपशील बघा: दरम्यान माणसं बुटकी झाली होती, म्हणून बलरामाने नांगराच्या टोकाने रेवतीची उंची कमी केली. दोन काळांतला फरक थेट नवरीच्या अंगावर आला. आकडा असा वापरायचा.

आता एक एकक इथेच रचू. झोपलेल्या राक्षसाच्या छातीवर वसलेलं शहर. त्याचा एक श्वास म्हणजे एक ‘दम’. श्वासाच्या वाऱ्यावर गिरण्या फिरतात, म्हणून दम मोजायला मनोऱ्यावर पहारेकरी आहे. मजुरी दमावर, कर्जाची मुदतही दमावर. किती मिनिटांचा दम, ते मला विचारू नका. राक्षसाला पडणाऱ्या स्वप्नांवर ते ठरतं. वाईट स्वप्न पडलं की श्वास जलद होतो. ऋणकोची मुदत भरभर सरते, मजुराची रोजी भरभर चढते, गिरणीमालक कपाळाला हात लावतो. सावकार आणि मजूर दोघंही राक्षसाला वाईट स्वप्नं पडावीत म्हणून एकाच देवळात नवस बोलतात, आणि त्या मजुराने कर्ज काढलंय याच सावकाराकडून. पुढचं तुम्ही लिहा.