कव्हांच तातलतू : चेहरा त्याचा, आवाज दुसऱ्याचाच

नमस्कार मंडळी! आजच्या माणसाचं नाव आधी नीट म्हणायला शिकूया, कारण आपल्याकडे त्याचं जे होतं ते ऐकवत नाही. तातलिटुग नाही. शेवटचा 'ग' लिहायचा, पण म्हणायचा नाही. कव्हांच तातलतू. तुर्कस्तानचा नट. 'कव्हांच' म्हणजे अभिमान आणि 'तातली' म्हणजे गोड. आता असं नाव असलेला, सहा फुटांहून उंच, सोनेरी केसांचा, निळ्या डोळ्यांचा मुलगा टीव्हीवर गेला नसता तरच नवल.

(पडद्यावर : 'ग्युम्युश' या मालिकेच्या काळातला फोटो)

हा फोटो बघून तुम्ही म्हणाल, अरे, याला काय कष्ट पडले असणार! मलाही तसंच वाटायचं. पण या माणसाच्या गोष्टीत एक गंमत आहे. तो ज्या भूमिकेमुळे अर्ध्या जगात लाडका झाला, त्या भूमिकेत त्या लोकांनी त्याचा आवाज ऐकलेलाच नव्हता. चेहरा याचा, बोलणारा दुसराच.

सुरुवात अदानापासून. दक्षिण तुर्कस्तानातलं, कापसाच्या शेतीचं, उन्हानं भाजून काढणारं शहर. आपल्याकडे 'अदाना कबाब' नावानं ओळखीचं झालेलं, तेच. तिथे २७ ऑक्टोबर १९८३ ला कव्हांचचा जन्म झाला. पाच भावंडं. पुढे वडिलांच्या आजारपणामुळे सगळं कुटुंब इस्तंबूलला आलं. या पोराला अभिनयाशी काही देणंघेणं नव्हतं. त्याला बास्केटबॉल खेळायचं होतं, आणि ते नुसतं गल्लीतलं खेळणं नव्हतं. उल्कर, बेशिक्ताश आणि फेनेरबाह्चे या क्लबांकडून तो खेळला. मग पायाला दुखापत झाली आणि तो रस्ता बंद झाला.

उरली ती उंची आणि तो चेहरा. २००२ मध्ये तो 'बेस्ट मॉडेल ऑफ टर्की' झाला, त्याच वर्षी 'बेस्ट मॉडेल ऑफ द वर्ल्ड'सुद्धा. काही काळ पॅरिसला जाऊन मॉडेलिंग केलं. हा भाग मी पटकन संपवतोय, कारण त्यात फार काही नाही. देखणा माणूस फोटो काढून घेतो, एवढंच.

खरी गोष्ट सुरू होते २००५ मध्ये. 'कानाल दे' वाहिनीवर 'ग्युम्युश' नावाची मालिका आली. ग्युम्युश म्हणजे चांदी, आणि ते नायिकेचं नाव. कथा ऐका, तुम्हाला अगदी घरची वाटेल. श्रीमंत घरातला नातू मेहमेत प्रेयसी गमावल्यामुळे खचलेला असतो. आजोबा ठरवतात की याचं लग्न लावून द्यायचं, तेही गावाकडच्या मुलीशी, जिचा लहानपणापासून याच्यावर जीव आहे. आधी लग्न, मग भांडण, मग प्रेम. आपल्या संध्याकाळच्या मालिकांवर वाढलेल्या माणसाला पुढचं सांगायची गरज नाही!

नायिका होती सोंग्युल ओदेन. ती रंगभूमीचं शिक्षण घेऊन आलेली. आणि समोर हा, मॉडेलिंगमधून थेट सेटवर. सुरुवातीच्या भागांत फरक दिसतो, खोटं कशाला बोलू? ती प्रसंगात असते, हा प्रसंगात उभा असतो. तुर्कस्तानात मालिका बरी चालली, १०० भाग झाले, २००७ मध्ये संपली. सगळा देश वेडा झाला वगैरे काही नाही.

आणि मग एमबीसी या अरबी वाहिनीनं ती विकत घेतली.

इथे जरा थांबूया, कारण सगळी जादू इथेच झाली. त्याआधी अरब देशांत परदेशी मालिका यायच्या, बऱ्याचशा मेक्सिकोच्या. त्यांचं डबिंग व्हायचं प्रमाण अरबीत, म्हणजे पुस्तकी भाषेत. कल्पना करा, सासू-सुनेचं कडाक्याचं भांडण चाललंय आणि दोघी 'आपण हे कृत्य का केलेत?' अशा मराठीत बोलतायत. रडू यायच्या ऐवजी हसूच येईल ना? 'ग्युम्युश'च्या वेळी डबिंग झालं सीरियातल्या बोलीत. सीरियन मालिका अरब जगात आधीच घरोघरी बघितल्या जायच्या, तो लहेजा लोकांच्या कानात बसलेला होता. नावंही बदलली. ग्युम्युशची झाली नूर, मेहमेतचा झाला मुहन्नद. तुर्की माणसं एकदम शेजारच्या घरातली वाटायला लागली.

३० ऑगस्ट २००८ ला शेवटचा भाग लागला. एमबीसीच्या आकड्यानुसार तो बघणारे होते साडेआठ कोटी लोक, आणि त्यात पाच कोटींवर बायका. वाहिनीनं स्वतः दिलेला आकडा म्हणून थोडं मीठ-मिरची धरून सोडा, तरी केवढा मोठा आहे तो!

मुहन्नदमध्ये असं होतं तरी काय? निळे डोळे होते, ते आहेच. पण मला वाटतं त्याहून मोठं कारण होतं तो नवरा म्हणून कसा वागतो ते. बायको कपड्यांची डिझायनर होते, तर हा तिच्या पाठीशी उभा राहतो. चुकला तर माफी मागतो. फुलं आणतो. यावरून घरात भांडणं झाल्याच्या, नवऱ्यांना टोमणे बसल्याच्या बातम्या तिकडच्या वर्तमानपत्रांत आल्या. बाळांची नावं नूर आणि मुहन्नद ठेवली गेली. सौदी अरेबियाच्या प्रमुख मुफ्तींनी या मालिकेचा जाहीर निषेध केला. आणि इस्तंबूलमधल्या बॉस्फरस सामुद्रधुनीच्या काठावरचा जो वाडा मालिकेत या कुटुंबाचं घर म्हणून दिसतो, तो बघायला अरब पर्यटक यायला लागले, तिकीट काढून.

आणि या सगळ्यात आपल्या कव्हांचचा आवाज कुठे होता? नव्हताच. लोक ज्याच्या शब्दांवर भाळले तो एक सीरियन कलाकार होता, स्टुडिओत माइकसमोर उभा राहिलेला. 'मध्यपूर्वेचा ब्रॅड पिट' हे बिरुद मात्र याला मिळालं. नुसत्या चेहऱ्याचं कौतुक झालं की नटाचं काय होत असेल? आनंद होतच असेल म्हणा. पण जरा टोचतही असणार.

आता तारीख बघा. 'नूर'चा शेवट ३० ऑगस्ट २००८. आणि ४ सप्टेंबर २००८ ला, पाचच दिवसांनी, तुर्कस्तानात त्याची पुढची मोठी मालिका सुरू झाली. 'आश्क-ए मेमनू'. हे नाव आपल्याला परकं नाहीच. आश्क म्हणजे इश्क, आणि 'मेमनू' ज्या अरबी मुळातून आलं त्याच मुळातून आपली 'मनाई' आली. मनाई असलेलं प्रेम.

हालित झिया उशाक्लगिल या लेखकाची कादंबरी, १८९९-१९०० मध्ये मासिकातून क्रमशः आलेली. १९७५ मध्ये सरकारी दूरचित्रवाणीनं तिच्यावर मालिका केली होती, आणि आता कथा आजच्या इस्तंबूलमध्ये आणली गेली. श्रीमंत विधुर अदनान बे तरुण बिहतेरशी लग्न करतो. त्याच घरात त्यानं मुलासारखा वाढवलेला एक नातलग राहतो, बेहलूल. हाच आपला कव्हांच. बिहतेर आणि बेहलूल एकमेकांत गुंततात. पुढे बेहलूलचं लग्न ठरतं ते अदनानच्याच मुलीशी. शेवट किती वाईट असेल याचा अंदाज तुम्हाला आलाच असेल.

बिहतेर होती बेरेन सात. हो, तीच! झीच्या 'जिंदगी' वाहिनीवर हिंदीत 'फातमागुल' लागायची, त्यातली फातमागुल. आमच्या घरी त्या वेळात कुकरची शिट्टीसुद्धा चालायची नाही.

बेहलूल हा नायक नाहीच मुळी. तो भित्रा आहे. प्रेम करतो, पण निभावायची वेळ आली की पायाला पाय लावून पळतो. तुर्कस्तानात 'बेहलूल काचार', म्हणजे 'बेहलूल पळतो', हा कायमचा विनोद होऊन बसलाय. अंगावर आलं की सटकणाऱ्या माणसाला हे ऐकवतात. आणि मला कव्हांच नट म्हणून पहिल्यांदा इथे दिसला. देखण्या माणसानं स्वतःला इतकं क्षुद्र दिसू देणं सोपं नसतं. त्याचा चेहरा इथे कथेतली फसवणूक म्हणून वापरलाय. बिहतेर भुलते, आपणही भुलतो, आणि मग दोघांनाही कळतं की आत काहीच नाही.

२४ जून २०१० ला शेवटचा, ७९ वा भाग. दोन वर्षांनी हीच मालिका उर्दूत डब होऊन पाकिस्तानात लागली आणि इतकी चालली की तिथले कलाकार आणि निर्माते परदेशी मालिकांविरुद्ध निषेधाला उतरले. तिथेही आवाज अर्थातच दुसऱ्याचा!

७९ भाग ऐकून 'बस्स एवढेच?' असं वाटलं ना? आपल्याकडे ७९ भागांत मंगळसूत्रसुद्धा घालून होत नाही. पण तुर्की 'दिझी'चं गणित वेगळं आहे. मालिका आठवड्यातून एकदाच लागते, पण एक भाग दीड-दोन तासांचा. म्हणजे दर आठवड्याला एक सिनेमाच. लिहायचा, चित्रित करायचा, जोडायचा आणि सात दिवसांत हवेत सोडायचा. २०१० च्या डिसेंबरमध्ये तिथले कलाकार आणि तंत्रज्ञ यावर रस्त्यावर उतरले. घोषणा होती 'येरली दिझी, येरसिझ उझून', म्हणजे देशी मालिका, उगाच लांब. तुर्कीत काय छान यमक जुळलंय बघा. इतकं राबूनही रेटिंग घसरलं की मालिका बंद. कव्हांचची स्वतःची 'कुर्त सेयित वे शुरा' २०१४ मध्ये आली. मोठा खर्च, रशियातलं चित्रीकरण, आणि २१ भागांत गाशा गुंडाळला.

पण त्याआधी आली 'कुझेय ग्युनेय'. २०११ ते २०१३, ८० भाग. कुझेय म्हणजे उत्तर, ग्युनेय म्हणजे दक्षिण, दोन भावांची नावं. बापाची बेकरी. एका रात्री गाडीखाली माणूस सापडतो. गुन्हा धाकट्याचा, म्हणजे कव्हांचच्या कुझेयचा, नसतो, तरी तो अंगावर घेतो आणि तुरुंगात जातो. मुख्य कथा आहे ती तो बाहेर आल्यावरची. लेखिका त्याच, 'आश्क-ए मेमनू'च्या : एजे योरेंच आणि मेलेक गेंचोलू. या दोघींनी आधी याला गुळगुळीत बेहलूल दिला आणि मग त्याचं पार उलटं माणूस दिलं. केस बारीक कापलेले, खांदे पुढे झुकलेले, बोलणं तुटक. गोड चेहऱ्याचा मुलगा गेला कुठे, असं वाटावं इतकं.

आणि २०१३ मध्ये 'केलेबेइन र्यूयास', म्हणजे फुलपाखराचं स्वप्न, हा यल्माझ एर्दोआनचा सिनेमा. १९४० च्या दशकातलं झोंगुलदाक, कोळशाच्या खाणींचं गाव. लोकांना सक्तीनं खाणीत उतरवलं जातंय, आणि तिथे दोन तरुण कवी आहेत, दोघांनाही क्षय झालेला. दोघंही खरे होते, रुश्त्यू ओनुर आणि मुझफ्फर तय्यिप उस्लू. कव्हांच मुझफ्फर झाला. त्यासाठी त्यानं वजन इतकं उतरवलं की गालफडं आत गेली. ज्या चेहऱ्यावर सगळं उभं होतं तो चेहराच त्यानं खरवडून काढला. तुर्कस्ताननं हा सिनेमा ऑस्करसाठी पाठवला. नामांकन मिळालं नाही.

पुढचं भराभर सांगतो. 'जेसुर वे ग्युझेल', मग 'चारपश्मा'. २०१८ मध्ये एमबीसीनं तुर्की मालिका अचानक दाखवायच्या बंद केल्या, कारण राजकारण. पण तोवर ओटीटी आलं होतं. नेटफ्लिक्सवर २०२२ मध्ये 'याकामोझ एस-२४५', पाणबुडीची मालिका. ती मला फार जमली नाही, खोटं बोलत नाही. २०२३ मध्ये 'आइले'. त्यात तो गुन्हेगारी घराण्याचा वारस, आणि समोर मानसशास्त्रज्ञ झालेली सेरेनाय सारकाया. चाळिशीतला कव्हांच. डोळ्यांखाली सुरकुत्या आल्यात, आणि त्या त्याला शोभतात.

आता तुमच्यासाठी गृहपाठ. 'कुझेय ग्युनेय'चा पहिला भाग लावा. हिंदी डबिंग बंद करा, मूळ तुर्की आवाज ठेवा, खाली सबटायटल्स. बाप त्याच्यावर ओरडतो तेव्हा तो काय उत्तर देतो ते वाचू नका, ऐका. जरासा घोगरा, खालच्या पट्टीतला आवाज आहे. साडेआठ कोटी लोकांनी तो ऐकलेला नव्हता.