पाकीटमार ते होमर: कुर्ट बॉइसची ऐंशी वर्षं

[दृश्य: 'कासाब्लांका', सुरुवातीचा प्रसंग]

'कासाब्लांका' पाहिला असेल, तर या माणसाला तुम्ही पाहिलंय. नाव ठाऊक नसेल, इतकंच. एका इंग्रज जोडप्याशी सलगी करत तो बजावतो, जपून राहा, इथे जिकडेतिकडे गिधाडं आहेत! आणि बोलता बोलता नवऱ्याचं पाकीट लांबवतो. पुढे कॅफेत तो कार्ल नावाच्या वेटरला धडकतो. तो माफी मागून पुढे सरकतो आणि कार्ल घाबराघुबरा होऊन स्वतःचेच खिसे चाचपू लागतो. झालं, संपली भूमिका.

हा कुर्ट बॉइस. जन्म बर्लिनचा, १९०१ सालचा. 'कासाब्लांका' आला १९४२ मध्ये आणि तोवर याला कॅमेऱ्यासमोर येऊन पस्तीस वर्षं झाली होती! १९०७ मध्ये, सहाव्या वर्षी, तो पहिल्यांदा पडद्यावर आला. १९०९ चा त्याचा एक छोटा मूकपट आजही पाहता येतो. विषय काय, तर काहीही चिकटवणारा डिंक.

विशीच्या दशकात बर्लिनच्या रंगभूमीवर आणि पडद्यावर विनोदी नट म्हणून त्याचं नाव झालं. १९२७ च्या 'डेअर फ्युर्स्ट फॉन पापेनहाइम'मध्ये त्याने स्त्रीवेषात धमाल उडवली. हे दृश्य लक्षात ठेवा.

बॉइस ज्यू होता. १९३३ मध्ये हिटलर सत्तेवर आला आणि बॉइसने जर्मनी सोडली. पुढच्या वर्षी तो अमेरिकेत पोहोचला. १९४० मध्ये नाझींनी ज्यूंविरुद्ध एक विषारी प्रचारपट काढला आणि त्यात हाच स्त्रीवेषाचा तुकडा घुसडला. ज्या नटाला बर्लिन डोक्यावर घेत होतं, त्याच्याच विनोदाचा पुरावा केला, तोही त्याच्याविरुद्ध. तेव्हा तो हॉलिवूडमध्ये मिळतील ती चिमुकली कामं करत होता.

त्यातलं एक मात्र आवर्जून पाहा. दिग्दर्शक माक्स ओफुल्सच्या 'कॉट'मध्ये (Caught, १९४९) तो एका लहरी कोट्यधीशाचा हुजऱ्या झालाय. मला विचाराल तर पाकीटमारापेक्षा हे काम सरस आहे. लाचारी, तिच्यातली मजा आणि तिची किळस, सगळं एकाच हसण्यात दिसतं.

[दृश्य: युद्धानंतरचं बर्लिन]

१९५० मध्ये तो परतला, पूर्व बर्लिनमध्ये. जर्मन नाटककार ब्रेख्तच्या नाटकमंडळीत, बर्लिनर आन्सांबलमध्ये, त्याने पुंटिला रंगवला. पुंटिला म्हणजे प्यायला की माणूस आणि उतरली की जमीनदार! पुढे याच नाटकावरच्या चित्रपटातही पुंटिला तोच होता. पन्नाशीच्या दशकातच तो पश्चिम बर्लिनला गेला.

१९८२ मध्ये ब्रुनो गान्त्स आणि ओटो झांडर या दोन नटांनी बॉइस आणि बेर्नहार्ड मिनेट्टी या ज्येष्ठ नटांवर माहितीपट केला. पाच वर्षांनी दिग्दर्शक विम वेंडर्सच्या 'विंग्स ऑफ डिझायर'मध्ये गान्त्स आणि झांडर देवदूत झाले आणि बॉइस झाला होमर नावाचा म्हातारा कथेकरी. बर्लिनच्या भिंतीलगतच्या उजाड माळावर तो पॉट्सडामर प्लाट्झ, म्हणजे युद्धापूर्वीचा गजबजलेला चौक, शोधत हिंडतो. इथे कॅफे योस्टी होतं, असं पुटपुटतो. इतर कुणी नट असता, तर त्याला हे आठवण्याचा अभिनय करावा लागला असता.

१९८८ मध्ये युरोपियन फिल्म अवॉर्ड्स पहिल्यांदाच दिले गेले. सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेता ठरला सत्त्याऐंशी वर्षांचा कुर्ट बॉइस. २५ डिसेंबर १९९१ रोजी तो बर्लिनमध्येच वारला.