दुष्काळ कोणाचा धरायचा?

श्रोतेहो, नमस्कार.

सप्टेंबर सरला की मराठवाड्यातल्या वर्तमानपत्रांत एक बातमी हमखास येते. जिल्ह्याची नजरअंदाज पैसेवारी जाहीर झाली. इतकी गावं पन्नास पैशांच्या आत, इतकी वर. ऑक्टोबरअखेर सुधारित पैसेवारी येते, डिसेंबरात अंतिम. आपण आपलं गाव कुठं बसलं तेवढं बघतो. त्या आकड्यामागं एक पक्का सिद्धांत असतो आणि कोणाला मदत मिळायची ते बरंचसं तिथंच ठरत आलं आहे. आज त्याबद्दल बोलायचं आहे.

पैसेवारी काढतात कशी? शिवारात ठरलेल्या मापाचा तुकडा आखतात, त्यातलं पीक कापून मळतात, दाणा वजनाला लावतात. तलाठी, ग्रामसेवक, सरपंच, गावातले काही शेतकरी उभे असतात. आलेलं वजन प्रमाण उत्पन्नाशी ताडून बघायचं. प्रमाण उत्पन्न एक रुपया धरलं, तर यंदा किती पैसे पिकलं? पन्नास पैशांच्या वर गेलं नाही तर शेतसाऱ्यात सूट, कर्जाचं पुनर्गठन, वीजबिलात सवलत, मुलांची परीक्षा फी माफ. हे सगळं मुळात सारावसुलीच्या व्यवहारातून आलेलं आहे. पीक बुडालं तर सारा किती सोडायचा, हा सरकारपुढचा प्रश्न होता. म्हणून दुष्काळ म्हणजे पिकाची तूट आणि दुष्काळग्रस्त म्हणजे ज्याच्या नावावर जमीन आहे तो, हे गृहीत धरूनच हिशेब सुरू होतो. ज्याच्या नावावर गुंठाभरही रान नाही, त्याची त्या वर्षीची मजुरी किती बुडाली हे विचारणारा रकानाच त्या कागदावर नाही. तलाठ्याची यात काही चूक नाही. त्याला जे मोजायला सांगितलं, ते तो मोजतो.

1981 मध्ये अर्थशास्त्रज्ञ अमर्त्य सेन यांनी दुष्काळाच्या अभ्यासाची दिशा बदलली. 1943 च्या बंगालच्या उपासमारीचा त्यांनी खोलात जाऊन अभ्यास केला आणि सांगितलं की, धान्य किती पिकलं एवढं बघून भागत नाही. ते मिळवण्याची ताकद कोणाच्या हातात होती आणि कोणाच्या हातातून गेली, ते बघा. मजुराचा रोज बुडाला आणि ज्वारी महागली, की कोठारं भरलेली असूनही त्याची चूल विझते. प्रश्न बदलला तसा दुष्काळग्रस्त माणूसही बदलला. आधी तो खातेदार होता, आता भूमिहीन मजूर, विधवा, कारागीर हेही त्यात आले.

आणि मला फार मोलाची वाटणारी गोष्ट अशी, की आपल्या राज्यात या विचाराचं प्रत्यक्ष काम त्याआधीच झालेलं होतं. 1972 चा दुष्काळ आठवणारे वडीलधारे आज ऐकत असतील. खडी फोडली, पाझर तलाव खोदले, नालाबांध घातले, कामावर वाटलेली सुकडी खाल्ली. 1973 च्या उन्हाळ्यात महाराष्ट्रात दुष्काळी कामांवर जवळजवळ 50 लाख माणसं होती. हातात मजुरी आली म्हणून बाजारातून धान्य घेता आलं. पुढं अर्थशास्त्रज्ञ जाँ द्रेझ यांनी या दुष्काळाचा अभ्यास केला, तेव्हा मजुरीतून मिळालेली खरेदीची ताकद हेच त्यातलं मर्म म्हणून समोर आलं.

पण खडी फोडणं तेच असलं तरी त्यामागचा विचार वेगळा असू शकतो. इंग्रजांच्या काळातल्या जुन्या दुष्काळ संहितेत काम ही सरकारनं दिलेली मदत होती. पाऊस पडला की काम बंद, माणसं घरी. विधान परिषदेचे तेव्हाचे सभापती वि. स. पागे यांनी याच कामाला हक्काचं रूप दिलं. तासगाव तालुक्यातल्या विसापूरला त्यांनी आधी प्रयोग करून पाहिला. मग 1977 चा रोजगार हमी कायदा आला आणि 1979 च्या जानेवारीपासून तो लागू झाला. काम मागितल्यावर पंधरा दिवसांत द्यायचं, नाही दिलं तर बेकारी भत्ता. पैसा उभा राहिला तो बराचसा शहरातल्या पगारदारांच्या व्यवसाय करातून. आता बाई तहसीलवर जाऊन म्हणू शकत होती, मला काम द्या, कायदा आहे. 2005 साली देशाचा कायदा झाला, त्याचं मूळ इथं आहे.

प्रदेशाच्या मागासलेपणाचंही असंच झालं. राज्य सरकारनं नेमलेल्या दांडेकर समितीनं 1984 मध्ये राज्याची सरासरी धरून कोण किती मागं आहे ते मोजलं: रस्ते, सिंचन, वीज आणि अशी इतर क्षेत्रं. मराठवाड्याचा अनुशेष, म्हणजे भरून काढायची तूट, निघाला सुमारे 751 कोटी रुपये. हातात आकडा आल्यानं मराठवाड्याला भांडायला बळ मिळालं, याचं श्रेय त्या समितीला दिलंच पाहिजे. पण जिल्हा हा मोजणीचा घटक धरला, की कालवा जिल्ह्यात आला एवढंच नोंदलं जातं. पाणी शेवटच्या चारीपर्यंत पोचलं का, की वरच्या उसानंच पिऊन टाकलं, ते सरासरीत दिसत नाही.

आता केंद्राच्या 2016 च्या दुष्काळ संहितेनं आणखी एक नजर आणली आहे. पावसाची तूट, पावसातला खंड, उपग्रहातून दिसणारी हिरवाई, जमिनीतली ओल, धरणातला साठा, आणि मग शेतात जाऊन पडताळणी. 31 ऑक्टोबर 2018 ला याच रीतीनं राज्यातले 151 तालुके दुष्काळी ठरले. मनमानीला आळा बसतो, हे चांगलंच. पण उपग्रह हिरवं रान बघतो. त्या रानातला ऊस कोणाच्या विहिरीवर उभा आहे आणि शेजारच्या वस्तीवर टँकर का येतो, हे त्याला वरून कळणार नाही. दुष्काळ पुन्हा रानाचा झाला, माणसाचा राहिला नाही.

मी समाजशास्त्र शिकवते, म्हणून हे बोलणं माझ्या स्वतःच्या क्षेत्रालाही लागू आहे. आम्हीही कुटुंब सर्वेक्षणं करतो. पहिला प्रश्न कुटुंबप्रमुखाचं नाव, दुसरा जमीन किती. महाविद्यालयं दिवाळीनंतर सुरू होतात, विद्यार्थी अर्ज घेऊन गावात जातात. नेमकं त्याच वेळी बीड जिल्ह्यातल्या कितीतरी गावांत अर्ध्या दारांना कुलूप असतं. माणसं ऊस तोडायला साखर कारखान्यावर गेलेली असतात. आपण ‘कुटुंब अनुपस्थित’ लिहून पुढच्या घरी जातो. ज्यांच्यावर दुष्काळाचा घाव सगळ्यात खोल बसला, तेच आपल्या तक्त्यातून निसटतात. मग निष्कर्ष काढतो की गावाची स्थिती बरी आहे.

ऊसतोडीचा हिशेब तर याहून कठोर आहे. नवरा-बायको मिळून एक कोयता धरतात. मजूर नेणाऱ्या मुकादमाकडून उचल, म्हणजे आगाऊ रक्कम, कोयत्याला मिळते, आणि ती बहुधा नवऱ्याच्या हातात पडते. पहाटे उठून ती ऊस तोडते, मोळ्या बांधते, डोक्यावर घेऊन गाडी भरते, खोपीवर येऊन भाकऱ्या थापते, आणि हिशेबाच्या वहीत तिचं नाव नसतं. तिला कामगार म्हणून वेगळं मोजलं नाही, तर तिची पाळी, तिचं बाळंतपण, तिची पाठ हे कामगारांचे प्रश्न म्हणून पुढं येणारच कसे? बीडमधल्या ऊसतोड बायकांच्या गर्भपिशव्या काढल्याचं 2019 मध्ये बाहेर आलं, समिती नेमली गेली, बायकांना एकेकीला विचारलं गेलं. ते दुखणं त्याआधीही होतंच. विचारणारं कोणी नव्हतं.

म्हणून आमच्या विद्यापीठांनी आणि महाविद्यालयांनी सर्वेक्षणाचं वेळापत्रक बदलावं, अशी माझी मागणी आहे. हंगामात फडावर, खोपीवर जाऊन विचारा. घरातल्या प्रत्येक मोठ्या माणसाला वेगळा अर्ज द्या. आणि श्रोतेहो, तुमच्या गावात पैसेवारीची मोजणी झाली की हंगामी, म्हणजे तात्पुरता, आकडा जाहीर होतो, त्यावर हरकत घेता येते. ती लेखी घ्या आणि त्यात गावातल्या मजुरांचे किती रोज बुडाले तेही लिहा. सर्वेक्षणाला कोणी आलं आणि बंद दारापुढून पुढं निघालं, तर त्यांना थांबवा. ती माणसं कुठल्या कारखान्यावर गेलीत, सोबत किती बायका आणि किती लेकरं आहेत, ते सांगून त्यांच्या कागदावर लिहून घ्यायला लावा.

नमस्कार.