पाट्यांमधलं एक नाव

श्रोतेहो, नमस्कार.

आज बोलायचंय सना ना न्हादा यांच्याबद्दल. पश्चिम आफ्रिकेतल्या गिनी-बिसाऊ या चिमुकल्या देशाचे कॅमेरामन आणि दिग्दर्शक. नाव परत सांगतो, कारण मलाही ते पहिल्या फटक्यात कळलं नव्हतं. सना ना न्हादा.

हे नाव मला सापडलं ते चपलेमुळे. पुण्यात एका फिल्म क्लबचा खेळ होता. ख्रिस मार्कर या फ्रेंच दिग्दर्शकाचा 1983 सालचा 'साँ सोलेय'. लोखंडी घडीच्या खुर्च्या, वर कुरकुरणारा पंखा. मी सवयीप्रमाणे चपला काढून मांडी घालून बसलेलो. चित्रपट संपला, श्रेयनामांच्या पाट्या सुरू झाल्या आणि लोक उठले. पाट्या दिसल्या की आपल्याकडे शेवटची एसटी सुटल्यासारखी पळापळ होते. वाहिन्या तर पाट्या कापूनच टाकतात. लग्नातल्या आहेराची यादी मात्र आपण वर्षानुवर्षं जपून ठेवतो, नावनिशीवार, एक रुपयाच्या नाण्यासकट! असो.

तर, माझी डावी चप्पल सापडेना. कुणाच्या तरी पायाबरोबर पुढे गेली होती. वाकून चाचपडताना सहज वर पाहिलं. पडद्यावर ओळ होती : बिसाऊचा कार्निव्हल, सना ना न्हादा. म्हणजे मघाशी ज्या मुखवट्यांच्या मिरवणुकीने मला मांडी मोडून खुर्चीच्या कडेला आणलं होतं, ती मार्कर यांनी टिपलेलीच नव्हती! माझी दाद सगळी चुकीच्या खात्यात जमा झाली होती. चप्पल तीन रांगा पुढे मिळाली. नाव मी तिकिटाच्या मागे लिहून घेतलं.

आता थोडं मागे. गोव्यासारखीच गिनी-बिसाऊसुद्धा पोर्तुगीजांचीच वसाहत. गोवा 19 डिसेंबर 1961 ला मुक्त झाला. गिनी-बिसाऊत मात्र 1963 मध्ये सशस्त्र लढा सुरू झाला, तो 1974 पर्यंत चालला. लढ्याचे नेते अमिल्कार काब्राल, मूळचे शेतीतज्ज्ञ. 1967 मध्ये त्यांनी चार तरुणांना सिनेमा शिकायला क्यूबाला पाठवलं. भर लढाईत, बरं का! त्यात सना, जोझेफिना क्रातो आणि फ्लोरा गोमिश होते. (गोव्याच्या श्रोत्यांनी फसू नये, हे फ्लोरा पुरुष आहेत.) चौघं परतले आणि लढा टिपू लागले. 24 सप्टेंबर 1973 ला बोएच्या रानात स्वातंत्र्य जाहीर झालं. ते पाहायला काब्राल नव्हते, जानेवारीतच त्यांचा खून झाला होता. 1976 मध्ये त्यांचं पार्थिव शेजारच्या गिनी देशाच्या राजधानीतून, कोनाक्रीहून, आपल्या राजधानीत बिसाऊला आणलं, त्याचाही माहितीपट या मंडळींनीच केला.

मग रिळांचं काय झालं? लोणच्याच्या बरणीला ओल लागली तर काय होतं, ते तुम्हाला सांगायला नको. फिल्मचंही तसंच. दमट उष्म्यात ॲसिटेट फिल्म नासते आणि डबा उघडला की व्हिनेगरचा भपकारा येतो. लक्षात ठेवा, भपकारा आला की फिल्म नासायला लागली. त्यात 1998 मध्ये यादवी पेटली आणि चित्रपट संस्थेतली रिळं बाहेर फेकली गेली.

उरलेली रिळं 2012 मध्ये बर्लिनला नेऊन डिजिटल केली. जेमतेम 40 तासांचं चित्रण. बऱ्याच तुकड्यांना आवाजच नाही. म्हणून 2014 मध्ये गिनी-बिसाऊत गावोगाव त्याचे खेळ झाले, तेव्हा सना स्वतः पडद्याशेजारी राहून सांगत, हे अमुक ठिकाण, हा तमुक माणूस.

2023 मध्ये त्यांचा नवा चित्रपट आला. त्यात हे जुने तुकडेही आहेत. शीर्षक 'नोमे'. गोव्यातल्या जुन्या मंडळींना अर्थ लगेच कळला असेल. बाकीच्यांसाठी सांगतो : पोर्तुगीजमध्ये नोमे म्हणजे नाव.