आधी पाहू द्या, मग सांगा

श्रोतेहो, नमस्कार.

लेणी, शिल्पं, चित्रं यांच्यावरच्या माहितीपटांची संहिता लिहिणं हे माझं काम. संहिता म्हटलं की लोकांना निवेदन आठवतं. पण कॅमेऱ्यानं कुठे किती वेळ थांबायचं, हेही संहिताच ठरवते, आणि मला ते अधिक मोलाचं वाटतं.

आपल्या नाशिकच्या पांडवलेणीचंच घ्या. पायऱ्या चढून दमलेल्या माणसाला ३ नंबरच्या लेण्यापुढे उभं करून ‘भव्य, अप्रतिम’ म्हटलं, तर त्याच्या हाती काय लागणार? कॅमेरा खाली, जोत्याशी न्यावा. जाडजूड तुळया खांद्यावर घेतलेले सहा यक्ष तिथे जमिनीतून वर आलेले दिसतात. सगळं लेणं त्यांनीच तोलून धरलंय! इथे निवेदकानं गप्प बसावं. १९७२ साली बीबीसीवरच्या मालिकेत जॉन बर्जर यांनी व्हॅन गॉगचं एक चित्र आधी नुसतं पाहू दिलं, माहिती नंतर दिली, आणि तेच चित्र वेगळं दिसू लागलं. बर्जर मुळात चित्रकार, मग लेखक. डोळ्याला वेळ लागतो हे त्यांना ठाऊक होतं.

त्यानंतर १० नंबरचं लेणं, क्षत्रप राजा नहपान याचा जावई उषवदात याचं. दोन्हींचे खांब पडद्यावर शेजारी ठेवले की १० नंबर पाहून ३ नंबर घडवलंय, हे शाळकरी पोरालाही कळतं. डोंगरावर मधलं अंतर चालेपर्यंत आधीचा खांब नजरेतून गेलेला असतो.

आता गंमत पाहा. ३ नंबरच्या लेण्यात गौतमी बलश्रीचा ब्राह्मी लेख आहे. आपला मुलगा, सातवाहन राजा गौतमीपुत्र सातकर्णी, यानं क्षहरात वंश निःशेष केला, असं ती सांगते. नहपान त्याच वंशातला. आणि १९०६ साली आपल्याच जिल्ह्यात, जोगलटेंभीला, नहपानाची १३ हजारांहून अधिक चांदीची नाणी सापडली. त्यांतल्या ९ हजारांहून अधिक नाण्यांवर गौतमीपुत्रानं स्वतःचा छाप मारलेला! लेखातल्या त्या ओळीवरून थेट नाण्यावर यायचं: नहपानाचा पुसट चेहरा, वर ठोकलेलं चैत्याचं, एकावर एक कमानींचं चिन्ह. तिथे मी एक शब्दही लिहिणार नाही.

सध्या सिन्नरच्या गोंदेश्वरावर लिहितोय. पंचायतन मंदिर, मधलं मोठं, भोवती चार लहान. सुरुवात मधल्या शिखरापासून करावी, असं सहकाऱ्यांचं मत. मी म्हणतो, आधी लहान देवळं दाखवू. मग मोठ्याची उंची आपसूक कळेल.

नमस्कार.