आधी शिट्टी, मग नजर, मग हात

नमस्कार मंडळी! अमेरिकेतल्या मिनेसोटातून मी आणि ही माझी काळी लॅब्राडोर, काजळ. बदकांच्या शिकारीत पडलेलं पाखरू ती मला आणून देते. काजळनं तळ्यापलीकडून डमी (पाखराऐवजी सरावाला वापरतात ती नकली वस्तू) आणली तो व्हिडिओ टाकल्यापासून एकच प्रश्न येतोय: "ताई, हाताच्या खुणा शिकवल्या कशा?"

खुणा सोप्या आहेत. हात सरळ वर म्हणजे 'बॅक', वळून लांब जा. हात आडवा म्हणजे 'ओव्हर', त्या बाजूला जा. बेसबॉलचं मैदान डोळ्यांपुढे आणा. चौकोनाच्या मधोमध, पिचरच्या जागी कुत्रा, एका कोपऱ्यात, होम प्लेटवर तुम्ही, उरलेल्या तीन कोपऱ्यांत, तिन्ही बेसवर पांढऱ्या डमींचे ढीग. पांढऱ्याच घ्या, केशरी डमी कुत्र्याला गवतात नीट दिसत नाही. झालं.

आता खरी गोष्ट. शिट्टीची एकच जोरदार फुंकर, की कुत्र्यानं बसायचं आणि तुमच्याकडे बघायचं. तुम्ही पाठवता त्या जवळपास प्रत्येक व्हिडिओत काय होतं? कुत्रा अजून वळतोय आणि तुमचा हात वर! असं करू नका हो. कुत्र्याला लांबून हालचाल चटकन दिसते, स्थिर वस्तू नाही. तो वळेपर्यंत तुमचा हात वर जाऊन थांबला, तर त्याच्या लेखी तुम्ही झाडाचं खोड. हात अंगाशी ठेवा. तो बसला, नजर मिळाली, मनात एक-दोन म्हणा, मगच हात.

गेल्या ऑक्टोबरात मीच घाई केली. गोळी लागलेलं बदक बोरूच्या गवतापलीकडे पडलं होतं, काजळला ते दिसलं नव्हतं. ती पाण्यात वळतच होती आणि मी हात केला. ती स्वतःच्या अंदाजानं भलतीकडे गेली. जखमी पाखरू तसं राहू देणं मला सहन होत नाही. बराच वेळ शोधलं, तेव्हा मिळालं.

"मुक्या जिवांना का मारता?" असंही काही जण विचारतात. रागवत नाही मी. इथं हंगाम ठरलेला, परवाना लागतो, वर डक स्टॅम्प (बदकांच्या शिकारीसाठीचं सरकारी तिकीट) घ्यावा लागतो आणि तो पैसा पाणथळ जागा राखायला जातो. 1959 च्या स्टॅम्पवर तर तोंडात बदक धरलेला किंग बक नावाचा लॅब्राडोरच आहे! भारतात वन्यजीव संरक्षण कायद्यामुळे शिकारीचा प्रश्नच नाही. पुण्या-नाशिककरांनो, डमी वापरा, कुत्र्याला तेवढाच आनंद होतो.

आणि "आमचा ऐकतच नाही" म्हणणाऱ्यांनो, आठवडाभर खुणा बंद. नुसती शिट्टी. बसला की चालत त्याच्यापाशी जा, पाठ थोपटा, तिथंच डमी द्या. पण ढिगाकडे धावताना दरवेळी अडवू नका, नाहीतर तो आपणहून थांबून तुमच्याकडे बघत बसेल. चार वेळा मोकळा जाऊ द्या, पाचव्यांदा शिट्टी. बसला? बघतोय? एक, दोन... आता हात.