एकाचे चार: मूकपटातल्या गैरसमजाची घडण

बोलपटात गैरसमज व्हायला अर्धवट कानावर पडलेलं एक वाक्य पुरतं. मूकपटाला ती सोय नाही. तिथे प्रेमात बिब्बा घालायचा तर डोळ्यांना दिसेल अशी वस्तू लागते. १९२४ च्या ‘शेरलॉक ज्युनिअर’मध्ये विनोदी नट-दिग्दर्शक बस्टर कीटनने अशा दोनच वस्तूंवर सगळा घोळ उभा केलाय: चॉकलेटचा खोका आणि गहाणाची पावती.

कीटन इथे थिएटरात प्रोजेक्टर चालवणारा ऑपरेटर; झाडूही तोच मारतो. आवडत्या मुलीला तीन डॉलरचा खोका द्यायचं त्याच्या मनात आहे, पण ऐपत एक डॉलरची; म्हणून तो एक डॉलरचाच घेतो. आता त्याच्या हाताकडे नीट बघा. खोक्यावरच्या किमतीतला इंग्रजी एक म्हणजे नुसती उभी रेघ. तिला डावीकडून एक तिरकी आणि एक आडवी जोडली की झाले चार! आपण हसतो, आणि हसता हसता आकडा डोक्यात बसतो. कीटनला नेमकं तेच हवंय.

तिकडे त्याचा प्रतिस्पर्धी, म्हणजे वॉर्ड क्रेन, मुलीच्या वडिलांचं घड्याळ लांबवून गहाण टाकतो. मिळतात चार डॉलर. त्यातल्या तीन डॉलरांचा मोठा खोका घेऊन तो ऐटीत घरी येतो. चोरीचा बोभाटा झाल्यावर पावती हळूच कीटनच्या खिशात सरकवतो. झडती होते. पावतीवर चार, खोक्यावरही चार. मुलगी त्याने दिलेली अंगठी परत करते.

पावती खिशात जाताना आपल्याला दिसली नसती, तर आपणही कीटनवरच संशय घेतला असता आणि विनोदाची रहस्यकथा झाली असती. शिवाय आकडा त्याने स्वतःच्या हाताने बदललाय. खरं सांगावं तर ती लबाडी कबूल करावी लागणार. कोंडी इतकी घट्ट आहे ती यामुळे.

गाठ सोडवते मुलगी, कॅथरिन मॅग्वायर. गहाणवाल्याच्या दुकानात जाऊन ती विचारते, घड्याळ ठेवलं कुणी? तेवढ्यात क्रेन समोरून जातो आणि दुकानदार सरळ त्याच्याकडे बोट दाखवतो. एका बोटात खुलासा. पडद्यावर संवाद लिहून दाखवणाऱ्या लांबलचक पाटीची गरजच पडत नाही.

नायकाला याचा पत्ताच नाही. तो प्रोजेक्टरशेजारी झोपून स्वप्नात हेरगिरी करतोय. निकाल आपल्या हाती आहे, म्हणून स्वप्नातला तो जीवघेणा मोटारसायकलचा पाठलाग आपण निर्धास्तपणे हसत बघू शकतो.